सिनेमाचं वजन

"शुक्रवारी थिएटरला लागलेला सिनेमा शनिवारी मोबाइलवर येतो तरी कसा?" व्याख्यान संपवून चहाला थांबलो की हा प्रश्न हमखास येतो. विचारणारा कधी कॉलेजातला मुलगा असतो, कधी निवृत्त शिक्षक. त्याला जोडूनच दुसरा प्रश्न असतो, "आणि हे सगळ्यात आधी केलं कोणी?"

दुसऱ्या प्रश्नाला एका नावाचं उत्तर नाही. साधारण 1997 ते 2006 या दहा वर्षांत वेगवेगळ्या देशांतल्या माणसांनी, बहुतेक वेळा एकमेकांना न ओळखता, वाटेतला एकेक अडसर काढला. त्यांतल्या काहींच्या मनात चोरीचा विचारसुद्धा नव्हता. हा गुंता सोडवताना मला एक साधा प्रश्न फार उपयोगी पडला. प्रत्येक टप्प्यावर विचारायचं, आता सिनेमाचं वजन किती? वजन उतरत गेलं तशी चोरी सोपी होत गेली. म्हणून आपणही तराजू हातात घेऊनच निघू.

1. पेटीतला सिनेमा

जुन्या 35 मिलिमीटरच्या फिल्मवर एका फुटात 16 चित्रं मावतात. पडद्यावर सेकंदाला 24 चित्रं जातात, म्हणजे मिनिटाला 90 फूट फिल्म लागते. दोन तासांच्या सिनेमाला 10,800 फूट झाली, म्हणजे सव्वातीन किलोमीटरहून जास्त. ही फिल्म रिळांवर गुंडाळून पत्र्याच्या डब्यांत आणि डबे पेटीत जायचे. दोन थिएटरांत मिळून एकच प्रिंट असली, तर एकीकडचं रीळ संपलं की पोऱ्या ते सायकलला लावून दुसरीकडे पळवायचा. वाटेत पंक्चर झालं तर तिकडचे प्रेक्षक शिट्ट्या वाजवत बसायचे. असा सिनेमा चोरायचा तर पेटीच उचलावी लागायची, आणि उचलून न्यायची कुठे? दाखवायला प्रोजेक्टर हवा, पडदा हवा.

1975-76 साली घरगुती व्हिडिओ कॅसेट आली आणि सिनेमा पिशवीत मावू लागला. तरी चोराला दोन लगाम होते. पहिला लगाम दर्जाचा. झेरॉक्सची झेरॉक्स काढत गेलं की चौथ्या-पाचव्या प्रतीवर अक्षरं पुसट होतात, तसं कॅसेटवरून कॅसेट करताना चित्र भुरकट होत जायचं. दुसरा लगाम वेळेचा. दोन तासांच्या सिनेमाची प्रत काढायला दोन तासच लागायचे.

सिनेमा आकड्यांत उतरला आणि हे दोन्ही लगाम एकदमच सुटले. वहीत 7 लिहिलेला असला आणि शंभर मुलांनी तो उतरवून घेतला, तर शंभरावा 7 पहिल्या 7 पेक्षा फिका नसतो. आकड्याची नक्कल म्हणजे दुसरा अस्सलच. पुढच्या सगळ्या गोष्टीचं मूळ इथे आहे.

2. 180 जीबीचं ओझं

लगाम सुटले, पण ओझं राहिलं. किती ते मांडूनच पाहू. डीव्हीडीवरच्या चित्रात आडवे 720 आणि उभे 480 ठिपके असतात, म्हणजे एकूण 3,45,600. प्रत्येक ठिपक्याचा रंग लिहायला तीन बाइट लागतात असं धरलं, तर एका चित्राला दहा लाखांहून थोडे जास्त बाइट लागले, म्हणजे ढोबळमानाने 1 एमबी. सेकंदाला 24 चित्रं म्हणजे सेकंदाला जवळपास 25 एमबी. दोन तासांत 7,200 सेकंद असतात. गुणाकार करा, 180 जीबीच्या घरात आकडा येतो. आवाज यात धरलेलाच नाही.

आता नळ केवढा होता ते पाहा. भारतात सर्वसामान्यांसाठी इंटरनेट 15 ऑगस्ट 1995 रोजी विदेश संचार निगमने सुरू केलं, टेलिफोनच्या तारेवरून. पुढे 56 केबीपीएसचे मोडेम आले. अमेरिकेतही तेव्हा बहुतेक घरांत तेच होते. त्यावर सगळं सुरळीत चाललं तर सेकंदाला 5 केबी पदरात पडायचे. या वेगाने 180 जीबी उतरवायला 416 दिवस लागले असते, म्हणजे वर्ष उलटून पन्नास दिवस. तेही फोन एकदाही न कटता.

तेव्हा इंटरनेटवरून सिनेमा चोरणं अशक्य होतं याचं कारण कायदा नव्हता, कुलूपही नव्हतं. कारण निव्वळ हा भागाकार होता.

3. न हललेलं पुन्हा कशाला लिहायचं?

ओझं कमी करायची युक्ती समजायला नाटकाचा रंगमंच डोळ्यांसमोर आणा. मागे वाड्याचा पडदा आहे, तुळशीवृंदावन आहे, आणि एक पात्र डावीकडून उजवीकडे चालत जातं. प्रत्येक क्षणाचं वर्णन लिहायचं झालं तर दर वेळी पडदा, वृंदावन, कोनाड्यातली पणती असं सगळं लिहिणार का? एकदा पूर्ण लिहाल आणि पुढे फक्त नोंद कराल, "पात्र एक पाऊल उजवीकडे सरकलं, बाकी तसंच." संगणक नेमकं हेच करतो. मधूनमधून एखादं चित्र पूर्ण साठवायचं आणि मधल्या चित्रांचे फक्त बदल टिपायचे. याच्या जोडीला तो आपल्या डोळ्यांच्या मर्यादेचा फायदा घेतो. उजेड-अंधारातला फरक आपल्याला बारकाईने कळतो, रंगातला तितका कळत नाही. मग रंगाची माहिती थोडी गाळली तरी चालतं. या आकुंचनाच्या पद्धतींना एमपेग म्हणतात.

एमपेगच्या पहिल्या पिढीवर 1993 साली व्हिडिओ सीडी आली, आपली व्हीसीडी. आशियात ती घराघरांत पोचली, अमेरिकेत फारशी रुजलीच नाही. एका चकतीत 74 मिनिटं मावायची, म्हणून इंग्रजी सिनेमा दोन चकत्यांत आणि हिंदी सिनेमा अनेकदा तीन चकत्यांत यायचा. पावसातलं गाणं लागलं की पडद्यावर चौकोनच चौकोन दिसायचे, हे ज्यांनी पाहिलंय त्यांना आकुंचनाची मर्यादा वेगळी शिकवायला नको. पाऊस पडताना चित्रातलं सगळंच हलत असतं. "बाकी तसंच" असं लिहायला काही उरतच नाही, आणि दिलेल्या जागेत माहिती कोंबताना संगणक तपशील टाकून देतो.

व्हीसीडीला कुलूप नव्हतं. तिच्यावरच्या दोन तासांच्या सिनेमाचं वजन सव्वा जीबीच्या आसपास भरायचं. इंटरनेटवर पूर्ण लांबीचे सिनेमे फिरू लागले ते आधी याच रूपात, नव्वदच्या दशकाच्या उत्तरार्धात. ते घरून कोणी उतरवत नव्हतं. उतरवणारे होते अमेरिका-युरोपातल्या विद्यापीठांच्या वसतिगृहांतले विद्यार्थी, कारण त्यांच्या खोलीत थेट विद्यापीठाच्या जाळ्याची तार आलेली होती. तिथे सेकंदाला 1 एमबी मिळाला, तर सव्वा जीबीला वीस-एकवीस मिनिटं लागायची. मे 1999 मध्ये 'स्टार वॉर्स'चा नवा भाग अमेरिकेत लागला, तेव्हा थिएटरात कॅमेरा लपवून काढलेली त्याची प्रत काही दिवसांतच जाळ्यावर आली.

4. पायपुसण्याखालची किल्ली

डीव्हीडी जपानात 1996 च्या अखेरीला आणि अमेरिकेत 1997 च्या मार्चमध्ये आली. एका थराच्या चकतीत 4.7 जीबी मावायचे आणि चित्र लखलखीत असायचं. हॉलिवूडच्या स्टुडिओंना धास्ती होती ती हीच. इतकं चांगलं चित्र लोकांच्या हाती द्यायचं तर कुलूप हवं. म्हणून चकतीवरचे आकडे उलटेपालटे करून ठेवायची एक पद्धत ठरली. तिचं नाव सीएसएस.

एखाद्या सोसायटीच्या मुख्य दाराला एक कुलूप आहे आणि प्रत्येक बिऱ्हाडाकडे त्याची आपली वेगळी किल्ली आहे, अशी कल्पना करा. डीव्हीडी प्लेअर बनवणारी प्रत्येक कंपनी म्हणजे एक बिऱ्हाड. अशा सुमारे चारशे किल्ल्या तयार केल्या होत्या. किल्ली 40 बिटांची होती, म्हणजे शक्यता जवळपास 1 लाख 10 हजार कोटी. आकडा आपल्याला अवाढव्य वाटतो, पण संगणकाला तो त्या काळीही फार नव्हता. शिवाय चारशे बिऱ्हाडांपैकी एकाने जरी किल्ली पायपुसण्याखाली ठेवली, तरी दार सगळ्यांचंच उघडं पडतं. नेमकं तसंच झालं. झिंग नावाच्या कंपनीने संगणकावर डीव्हीडी दाखवणारा प्रोग्रॅम काढला आणि त्यात आपली किल्ली नीट लपवलीच नाही.

ऑक्टोबर 1999 मध्ये डीसीएसएस नावाचा एक छोटा प्रोग्रॅम जाळ्यावर आला. तो करणाऱ्या तिघांपैकी दोघांची नावं पुढे आलीच नाहीत. तिसरा होता नॉर्वेतला यॉन लेक योहान्सन, वय वर्षं 15. विकत घेतलेली डीव्हीडी लिनक्स या संगणक-प्रणालीवर चालत नाही, ती चालावी म्हणून हे केलं, असं त्याचं म्हणणं होतं. जानेवारी 2000 मध्ये त्याच्या घरी पोलीस आले, संगणक घेऊन गेले. खटला उभा राहिला आणि 7 जानेवारी 2003 रोजी ओस्लोच्या न्यायालयाने त्याला निर्दोष सोडलं. माणसाने पैसे देऊन घेतलेल्या स्वतःच्या चकतीतलं पाहण्यासाठी कुलूप उघडलं तर ती घरफोडी नव्हे, असा निकालाचा आशय होता. सरकारने अपील केलं. त्याच डिसेंबरमध्ये तो पुन्हा निर्दोष ठरला.

अमेरिकेत मात्र वारं उलटं होतं. तिथे 1998 च्या कायद्याने कुलूप फोडायचं साधन वाटणं हाच गुन्हा ठरवला होता. ऑगस्ट 2000 मध्ये न्यूयॉर्कच्या न्यायाधीशांनी एका हॅकर मासिकाला हा प्रोग्रॅम छापायला आणि त्याचा दुवा द्यायलाही मनाई केली. यावर संगणकवाल्यांनी जे केलं ते मला या सगळ्या इतिहासातलं सगळ्यात बोलकं वाटतं. त्यांनी तो प्रोग्रॅम टीशर्टवर छापला, त्याची कविता केली. 2001 साली एका गणितप्रेमीने 1,400 हून जास्त अंकांची एक मूळसंख्या शोधली. ती विशिष्ट रीतीने उलगडली की तोच प्रोग्रॅम हाती येत होता. आता एका मूळसंख्येवर बंदी घालायची का? हा पोरखेळ आहे असं मला कधी वाटलं नाही. सिनेमा आकडा झाला, कुलूप आकडा झालं, किल्ली आकडा झाली, आणि आकडा कोणाच्या मालकीचा असू शकतो का, हा प्रश्न न्यायालयाच्या पायरीवर येऊन बसला.

5. डोळा मारणारा चेहरा

कुलूप उघडलं, तरी डीव्हीडीचं 4.7 जीबीचं वजन शिल्लक होतं. घरच्या मोडेमवर ते उतरवायला अकरा दिवस लागले असते. इथे फ्रान्समधल्या मोंपेलिएचा जेरोम रोता गोष्टीत येतो. मायक्रोसॉफ्टने एमपेग-4 या नव्या पद्धतीवरची आपली आवृत्ती काढली होती आणि ती ठरावीक साच्याच्या फायलींपुरती बांधून ठेवली होती. रोताने ते बंधन काढून टाकलं आणि त्या प्रकाराला नाव दिलं डिव्हएक्स, पुढे डोळा मारणाऱ्या चेहऱ्याचं चिन्ह. नाव उसनं होतं. अमेरिकेतल्या एका दुकान-साखळीने 1998 साली त्याच नावाची भाड्याची चकती काढली होती. घरी लावल्यापासून 48 तासांनी ती बंद पडायची. लोकांनी ती नाकारली आणि वर्षभरात तो उद्योग गुंडाळला गेला.

रोताच्या डिव्हएक्सने डीव्हीडीवरचा दोन तासांचा सिनेमा 700 एमबीत बसू लागला आणि चित्र व्हीसीडीपेक्षा कितीतरी चांगलं राहिलं. 700 एमबी म्हणजे साध्या कोऱ्या सीडीची क्षमता. घरच्या मोडेमवर त्याला 39 तास लागत. एक रविवार आणि थोडी चिकाटी, बस. 180 जीबीपासून मोजलं तर वजन अडीचशे पटींहून जास्त उतरलं होतं.

6. मानासाठी

आता माणसांकडे वळू. या फायली तयार करून पहिल्यांदा बाहेर काढणारी एक बंदिस्त दुनिया होती. ती स्वतःला नुसतं 'सीन' म्हणायची. त्यात गट होते आणि गटांत कामांची वाटणी होती. एक जण माल मिळवणार, दुसरा तो आकसवणार, तिसरा गुप्त सर्व्हरवर पोचवणार, आणि हमाल म्हणावेत असे बरेच जण एका सर्व्हरवरून दुसऱ्यावर वाहणार. फाइल 15-20 एमबीच्या तुकड्यांत कापायची, सिनेमा एका किंवा दोन सीडीत नेमका बसवायचा, एकाने काढलेला सिनेमा दुसऱ्याने पुन्हा तसाच काढायचा नाही, असे नियम त्यांनी लिहून ठेवले होते आणि ते मोडणाऱ्याचा माल बाद व्हायचा. प्रत्येक फायलीबरोबर एक मजकूर असायचा. अक्षरं आणि चिन्हं जुळवून काढलेली नक्षीदार चौकट, वर गटाचं ठसठशीत नाव, खाली सिनेमाचं नाव, प्रत कशावरून काढली, वजन, तारीख. लग्नपत्रिकेइतक्या निगुतीने केलेलं काम.

पैसा? बहुतेकांना दमडीही मिळत नसे. सगळ्यांच्या आधी आपल्या गटाचं नाव लागावं, एवढ्यासाठी रात्री जागायच्या. कायद्याला ही जातच माहीत नव्हती. 1994 साली अमेरिकेतल्या एमआयटीच्या एका विद्यार्थ्यावर फुकट सॉफ्टवेअर वाटल्याबद्दल खटला झाला आणि तो सुटला, कारण तोवरच्या कायद्यात गुन्हा होण्यासाठी नफ्याचा हेतू लागत असे. ती फट डिसेंबर 1997 मध्ये नव्या कायद्याने बुजवली. त्याच बळावर डिसेंबर 2001 मध्ये अमेरिकेसह काही देशांत एकाच वेळी छापे पडले.

पण गटांना माल द्यायचं कोण? या प्रश्नाचं उत्तर मला सगळ्यात महत्त्वाचं वाटतं, म्हणून इथे थोडं थांबतो.

आपल्याकडे लोक प्रिंटची जात ओळखतात. डोकी दिसतात, मधेच कोणी उठून जातं, हशा ऐकू येतो, ती थिएटर प्रिंट. त्यावरची पायरी म्हणजे रिकाम्या थिएटरात तिवईवर कॅमेरा लावून, आवाज थेट यंत्रणेतून घेऊन केलेली. त्याहून वरची म्हणजे परीक्षकांना आणि पुरस्कारांच्या मतदारांना स्टुडिओ स्वतः पाठवतो ती चकती किंवा कॅसेट. आणि सगळ्यात दुर्मिळ म्हणजे अर्धवट संकलित प्रत, जी फक्त आतल्या माणसांकडेच असते.

जून 2003 मध्ये आंग ली यांचा 'हल्क' लागायच्या दोन आठवडे आधीच जाळ्यावर आला. हिरव्या राक्षसावरचं संगणकाचं काम अजून पुरं व्हायचं होतं, आणि ते अपुरं काम पाहून लोकांनी सिनेमाला नावं ठेवायला सुरुवात केली. शेकडो कलाकारांची महिनोन् महिन्यांची मेहनत अशी अर्ध्या कपड्यांत चव्हाट्यावर यावी, याचं मला आजही वाईट वाटतं. प्रत आली होती जाहिरात संस्थेत गेलेल्या एका कॅसेटवरून. तिथून मित्राच्या ओळखीने ती न्यू जर्सीतल्या एका तरुणाकडे पोचली. प्रत्येक प्रतीवर ओळखीची खूण होती. ती झाकायचा त्याने प्रयत्न केला, पण तपासवाल्यांनी ती वाचलीच. सिनेमा लागून आठवडा व्हायच्या आत त्याने न्यायालयात गुन्हा कबूल केला.

त्याच वर्षी एटी अँड टी आणि पेन्सिल्व्हेनिया विद्यापीठाच्या संशोधकांनी जाळ्यावर सापडलेल्या 285 सिनेमांच्या प्रती तपासल्या. त्यांतल्या 77 टक्के प्रती सिनेव्यवसायाच्या आतूनच फुटल्यासारख्या दिसत होत्या. डीव्हीडी बाजारात आल्यानंतर पहिल्यांदा उगवलेले सिनेमे होते फक्त 5 टक्के. ज्या कुलपासाठी पंधरा वर्षांच्या मुलाला न्यायालयात उभं केलं, त्या दारातून येणारे चोर शंभरात पाच! घर गळत होतं ते माजघरातून.

स्टुडिओंनी सप्टेंबर 2003 मध्ये पुरस्कारांच्या मतदारांना प्रती पाठवणंच बंद करायचं ठरवलं. त्यात छोटे निर्माते भरडले गेले, कारण मोठ्या जाहिराती त्यांना परवडत नाहीत आणि त्यांचा सिनेमा मतदारांपर्यंत पोचायची वाट तीच होती. ते न्यायालयात गेले आणि डिसेंबरात ती बंदी उठली. पुढच्याच फेब्रुवारीत ऑस्कर देणाऱ्या अकादमीने आपल्या एका सदस्य-अभिनेत्याला काढून टाकलं. त्याच्याकडे आलेल्या प्रती तो वर्षानुवर्षं एका ओळखीच्या माणसाला देत होता आणि त्या जाळ्यावर पोचत होत्या.

7. दुकान, मग वही

सीनमधला माल बंद दाराआड राहणं अपेक्षित होतं, पण तो बाहेर झिरपायचाच. तो सामान्य माणसापर्यंत नेणाऱ्या पहिल्या सोयींबद्दल थोडक्यात सांगतो. 1999 च्या नॅपस्टरने गाण्यांसाठी वाट दाखवली. फायली लोकांच्या संगणकांवर आणि यादी मात्र कंपनीच्या सर्व्हरवर. 2000 साली लॉस एंजेलिसच्या विद्यापीठातल्या मुलांनी काढलेल्या स्काउरने तीच सोय सिनेमांना लावली. जुलैमध्ये स्टुडिओंनी खटला भरला, ऑक्टोबरात कंपनीने दिवाळं जाहीर केलं. तिच्या सुरुवातीच्या मंडळींतला ट्रॅव्हिस कॅलानिक पुढे उबरमुळे जगाला माहीत झाला. यादी एका जागी असली की ती जागा बंद करता येते, हा धडा घेऊन पुढचे प्रोग्रॅम मध्यवर्ती यादीशिवाय निघाले. पण त्यांत एक दुखणं राहिलंच. एकाकडून एकाने घ्यायचं, आणि देणाऱ्याची तार घेणाऱ्यापेक्षा बारीक. रांगच रांग.

2 जुलै 2001 रोजी ब्रॅम कोहेन या अमेरिकन प्रोग्रॅमरने बिटटोरंट जाहीर केलं आणि ती रांग मोडली.

वसतिगृहाचं उदाहरण घेऊ. परीक्षा तोंडावर आहे, एका मुलीकडे दोनशे पानांची उत्तम वही आहे आणि ती चाळीस जणींना हवी आहे. एकेकीला पूर्ण वही दिली तर चाळिसावी नापास होईल. त्यापेक्षा वहीची पानं सुटी करा. प्रत्येकीला वेगवेगळी पाच पानं उतरवायला द्या आणि मग आपापसांत अदलाबदल करू द्या. मूळ वहीवालीला दोनशे पानं एकदाच द्यावी लागतात, बाकी काम त्या चाळीस जणीच उरकतात. इथे जास्त मुली म्हणजे जास्त गर्दी नव्हे, जास्त हात.

कोहेनने यात तीन नियम घातले. जी तुला पानं देते तिला तू आधी दे. जे पान सगळ्यात कमी जणींकडे आहे ते आधी उतरव, म्हणजे ती एकटी निघून गेली तरी पान हरवणार नाही. आणि प्रत्येक पानाचा एक अंगठ्याचा ठसा आधीच जाहीर असेल. आलेलं पान त्याच्याशी जुळलं तरच वहीत लाव. खोटं पान कोणी सरकवलं तर लगेच कळेल.

तराजू पुन्हा हातात घेऊ. 700 एमबीचा सिनेमा 256 केबीच्या तुकड्यांत कापला तर 2,800 तुकडे होतात. प्रत्येकाचा ठसा 20 बाइटांचा, म्हणून सगळे ठसे मिळून 56,000 बाइट. टोरंटची फाइल म्हणजे मुख्यतः ही ठशांची यादी आणि सोबत भेटायचा पत्ता. तिच्यात सिनेमाचं एकही चित्र नसतं. सव्वातीन किलोमीटर फिल्मच्या जागी आता 55 केबी उरले होते. अशा पंचवीस फायली एका जुन्या फ्लॉपीत मावल्या असत्या.

कोहेनची पद्धत सुरुवातीला वापरली ती परवानगीने मैफली ध्वनिमुद्रित करून वाटणाऱ्या रसिकांनी आणि लिनक्स वाटणाऱ्यांनी. पण 2003-04 पर्यंत तिच्यावरून सिनेमे धो धो वाहू लागले होते. मे 2005 मध्ये 'स्टार वॉर्स'चा पुढचा भाग थिएटरात लागायच्या सहा तासांहून जास्त आधी एका टोरंट-जाळ्यावर होता, आणि पुढच्या 24 तासांत तो 10,000 हून जास्त वेळा उतरवला गेला, असं अमेरिकेच्या न्याय खात्याने सांगितलं. चित्राच्या कोपऱ्यात वेळेचा आकडा पळत होता. म्हणजे ही प्रतही आतूनच आलेली.

8. रात्री 2 ते सकाळी 8

आपल्याकडे हे लोण उशिरा आलं, आणि त्याचंही कारण भागाकारच. 2004 च्या सरकारी धोरणाने ब्रॉडबँड म्हणजे किमान 256 केबीपीएस असं ठरवलं. त्यावर सेकंदाला 30 केबी मिळाले तर 700 एमबीला साडेसहा तास लागतात. त्याच सुमारास बीएसएनएलच्या एका योजनेत रात्री 2 ते सकाळी 8 डाउनलोड कितीही करा, मोजणी नाही, अशी सोय होती. सहा तास! पुण्या-नाशकातल्या कित्येक घरांत मुलं पावणेदोनचा गजर लावायची, उठून संगणक चालू करायची आणि पुन्हा झोपायची. सकाळी आईने बटण बंद केलं की टक्केवारी नव्वदवर अडकलेली असायची. तो निळा पट्टा माझ्या पिढीला अजून आठवतो.

तोवर मुंबईच्या लॅमिंग्टन रोडवर आणि प्रत्येक स्टँडच्या बाहेर चकत्यांचा धंदा होताच. तो वेगळाच मामला होता, कारण त्यात पैसा होता. 2009 साली महाराष्ट्राने झोपडपट्टीदादा आणि हातभट्टीवाल्यांसाठीच्या स्थानबद्धतेच्या कायद्यात व्हिडिओ पायरेट हाही प्रकार घातला. थिएटरात चोरून चित्रण करण्यासाठी देशभर किमान तीन महिने ते तीन वर्षं कैद ठरवायला मात्र 2023 उजाडावं लागलं. दोन-तीन कोटींत उभ्या राहिलेल्या मराठी सिनेमाची सगळी कमाई पहिल्या दोन आठवड्यांत होते की नाही, यावर निर्मात्याचं घर गहाण राहणार की सुटणार हे ठरतं. या कायद्याला झालेला उशीर त्याला परवडणारा नव्हता.

स्टुडिओंनी त्या वर्षांत विक्रीची सरळ वाट काढली नव्हती का? काढली होती. नोव्हेंबर 2002 मध्ये पाच स्टुडिओंनी मिळून मूव्हीलिंक सुरू केलं. सिनेमा उतरवा, पाहायला सुरुवात केल्यापासून 24 तासांत संपवा, तोही फक्त विंडोजवर आणि फक्त अमेरिकेत. पुण्यात किंवा ओस्लोत राहणाऱ्याने पैसे हातात घेऊन उभं राहायचं म्हटलं तरी दुकानच नव्हतं. चोरीचं हे समर्थन नाही. पण 1999 पासून जितकी बुद्धी कुलपांवर खर्ची पडली, तिच्यातली निम्मी या दुकानावर पडली असती तर पुष्कळ प्रेक्षक तिकडे वळले असते, असं माझं ठाम मत आहे.

9. स्टॉकहोमचा छापा

स्वीडनमध्ये 2003 साली प्रताधिकाराच्या कायद्याला विरोध करणाऱ्या एका गटाने पायरेट बे सुरू केलं होतं, टोरंटच्या फायली शोधायची जागा. 31 मे 2006 रोजी स्टॉकहोममध्ये पोलिसांनी त्यांचे सर्व्हर ठेवलेल्या जागेवर छापा घातला. खोलीतला एकेक सर्व्हर सोडवून नेला. त्याच जागेत भाड्याने ठेवलेले, या प्रकरणाशी संबंध नसलेले इतरांचे सर्व्हरही त्यात गेले. पुढे एप्रिल 2009 मध्ये चौघांना एकेक वर्षाची शिक्षा आणि मिळून तीन कोटी क्रोनरची भरपाई सुनावली गेली, पण ते तीन वर्षांनी.

त्या दिवशी पोलिसांनी वाहून नेलेल्या लोखंडाचं वजन बरंच भरलं असणार. त्यात सिनेमे नव्हते, ठशांच्या याद्या होत्या. सिनेमे होते लाखो घरांतल्या संगणकांवर, 256 केबीच्या तुकड्यांत. तीन दिवसांत साइट पुन्हा सुरू झाली.